बॅटरीची किंमत आणि बॅटरीचा खर्च
(शाखेच्या ग्राहक मेळाव्यात खातेदारांसमोर केलेल्या भाषणाचा मजकूर)



बँकेच्या मेळाव्यात कॅमेऱ्याच्या बॅटरीवर बोलणार म्हटल्यावर काहींना आश्चर्य वाटलं असेल. ठेवी, विमा, निवृत्तिवेतन या विषयांवर आपण नेहमीच बोलतो. पण पैसा वाचतो किंवा जातो, तो बहुतेक वेळा अशाच लहान खरेदीत. शिवाय आपल्या शाखेचे कितीतरी खातेदार लग्नाचे फोटो काढतात, स्टुडिओ चालवतात, पासपोर्टचे फोटो काढतात. घरात हौसेचा कॅमेरा असलेले तर आणखी जास्त. त्या सगळ्यांना एक प्रश्न पडतो: बॅटरी कॅमेऱ्याच्याच कंपनीची घ्यावी, की दुसऱ्या कंपनीची स्वस्त घ्यावी?

मला हा प्रश्न एका खातेदारांमुळे नीट समजला. मी नोकरीनिमित्त इंदूरला असते. तिथले एक छायाचित्रकार, वय पन्नाशीच्या पुढे, गेल्या हिवाळ्यात माझ्या टेबलाशी येऊन बसले. मुद्रा योजनेतून त्यांनी कॅमेऱ्यासाठी कर्ज घेतलं होतं आणि एकही हप्ता चुकवला नव्हता. म्हणाले, "मॅडम, पैसे बुडवायचे नाहीत. पण या महिन्याचा हप्ता पंधरा दिवस उशिरा भरला तर चालेल का?"

मी विचारलं, "काका, झालं काय?"

त्यांनी सांगितलं ते असं. सीझन सुरू होण्याआधी त्यांनी बाजारातून सातशे रुपयांच्या तीन बॅटऱ्या घेतल्या. नाव कधी न ऐकलेलं, बिल नाही. एका लग्नात रात्री दोनला फेरे सुरू झाले, मोकळ्या मैदानात, थंडीत. कॅमेऱ्यावर बॅटरी अर्धी दिसत होती आणि कॅमेरा बंद पडला. दुसरी घातली, ती वीस मिनिटांत संपली. तिसरी दिवसभरात तापून फुगली होती, ती आत गेली पण बाहेर येईना. फेऱ्यांचे फोटो निघालेच नाहीत. मुलीच्या वडिलांनी राहिलेले अठरा हजार रुपये दिले नाहीत, आणि काकांनी ते मागितलेही नाहीत. अडकलेली बॅटरी काढायला कॅमेरा सेवा केंद्रात द्यावा लागला, त्यामुळे पुढच्या आठवड्याचं काम भाड्याच्या कॅमेऱ्यावर करावं लागलं.

"मूळ कंपनीच्या घेतल्या असत्या तर चौदा हजार जास्त गेले असते," ते म्हणाले. "मला वाटलं, चौदा हजार वाचवले."

हप्ता उशिरा भरला की दंडाचा आकार लागतो आणि पतनोंदीवर त्याची खूण राहते. ते त्यांना सांगणं माझं काम होतं, ते मी केलं. पण त्या दिवशी पैसे भरायच्या एका स्लिपच्या मागच्या बाजूला आम्ही दोघांनी जो हिशेब मांडला, तोच आज तुमच्यापुढे मांडते.

बाजारात बॅटऱ्या चार प्रकारच्या

आपण समजतो बॅटऱ्या दोनच प्रकारच्या, मूळ आणि डुप्लिकेट. प्रत्यक्षात चार प्रकार आहेत, आणि निम्मी फसगत हे न कळल्यामुळे होते.

पहिली, कॅमेऱ्याच्या कंपनीचीच. हिला आपण मूळ म्हणू. दुसरी, बॅटऱ्या बनवणाऱ्या दुसऱ्या नावाजलेल्या कंपनीची. ती आपलं नाव, पत्ता आणि वॉरंटी देऊन विकते आणि 'आम्ही कॅमेऱ्याची कंपनी नाही' हे उघड सांगते. हिला पर्यायी म्हणू. ही डुप्लिकेट नव्हे, हा कायदेशीर माल आहे. तिसरी बिननावाची. वेष्टनावर काहीतरी इंग्रजी शब्द असतो, पण कोणी बनवली, कोणी आयात केली, याचा पत्ता नसतो. चौथी बनावट. तिच्यावर मोठ्या कॅमेरा कंपनीचं नाव असतं, आत तिसऱ्या प्रकारचाच माल असतो. चौथी सगळ्यात वाईट, कारण पैसे मूळ बॅटरीचे जातात आणि हातात बिननावाची येते.

खरी निवड पहिल्या आणि दुसऱ्या प्रकारात आहे. तिसऱ्या आणि चौथ्याचा विचारच करायचा नाही. का, ते आता आकड्यांत बघू.

हिशेब

आकडे उदाहरणादाखल घेते, तुम्ही तुमच्या बाजारातले भाव घालून बघा. समजा मूळ बॅटरी ५,४०० रुपयांची, पर्यायी १,८०० ची आणि बिननावाची ७०० ची आहे. समजा छायाचित्रकार वर्षाला ६० दिवस काम करतो आणि प्रत्येक कामासाठी बॅटरी एकदा पूर्ण चार्ज करतो.

मूळ बॅटरी पाच वर्षं चालली तर ३०० वेळा चार्ज होईल. ५,४०० भागिले ३००, म्हणजे एका चार्जला १८ रुपये.

पर्यायी अडीच वर्षं चालली, म्हणजे १५० चार्ज. मूळ बॅटरीच्या तुलनेत ती सरासरी ९० टक्केच काम देते असं धरू. म्हणजे खरे चार्ज १३५. एका चार्जला १३ रुपये ३३ पैसे.

बिननावाची आठ महिने टिकली, ४० चार्ज. ती ६० टक्केच काम देते असं धरलं तर खरे चार्ज २४. ७०० भागिले २४, म्हणजे २९ रुपयांहून थोडे जास्त.

बघा, दुकानात सगळ्यात स्वस्त दिसलेली बॅटरी वापरात सगळ्यात महाग पडली. किंमत आपण एकदाच देतो, खर्च मात्र वापर संपेपर्यंत चालू असतो. वाणिज्य शाखेत आम्ही याला घसारा म्हणायचो. घरात त्यालाच 'किती दिवस पुरलं' म्हणतात.

पण या हिशेबातली दुसरी गोष्टही प्रामाणिकपणे बघायला हवी. आमच्या इंदुरात एक हिंदी म्हण सारखी कानावर येते, महंगा रोए एक बार, सस्ता रोए बार बार. ती अर्धीच खरी आहे. वर सगळ्यात कमी खर्च पर्यायी बॅटरीचा आला, मूळ बॅटरीचा नव्हे. म्हणजे महाग तेच चांगलं असंही नाही. मूळ आणि पर्यायी यांतला फरक एका चार्जला पाच रुपयांच्या आत आहे. तो फरक म्हणजे विम्याचा हप्ता समजा. ज्याचं एका रात्रीचं काम अठरा हजारांचं आहे, त्याला पाच रुपयांचा विमा परवडतो. वर्षातून चार सहली करणाऱ्याला त्या विम्याची तितकी गरज नाही.

म्हणून घरगुती वापराचा हिशेब वेगळा. वर्षाला १५ चार्ज धरले तर मूळ बॅटरी पाच वर्षांत ७५ वेळा चार्ज होईल, एका चार्जला ७२ रुपये. पर्यायी अडीच वर्षांत त्याच ९० टक्क्यांच्या हिशेबाने साधारण ५३ रुपये. लिथियम-आयन बॅटरी वापरली नाही तरी वयानुसार क्षीण होत जाते. कपाटात ठेवून तिचं आयुष्य साठत नाही. तेव्हा हौसेच्या माणसाने कॅमेऱ्यासोबत आलेली मूळ बॅटरी मुख्य ठेवावी आणि जादाची म्हणून एक चांगली पर्यायी घ्यावी. तेवढं पुरतं.

व्यावसायिकाने मुख्य कामासाठी मूळ बॅटऱ्या ठेवाव्यात. पर्यायी हवी असेल तर ती राखीव म्हणून, आणि आधी घरी तपासून.

जास्त आकडा म्हणजे जास्त शक्ती नव्हे

बॅटरीवर एक आकडा असतो, त्यापुढे एमएएच असं लिहिलेलं असतं. बॅटरीत किती वीज साठते, याचं ते माप. ग्राहक तो आकडा बघतो आणि म्हणतो, मूळ बॅटरीवर दोन हजार लिहिलंय, या सातशेवालीवर तीन हजार. मग हीच चांगली!

एक खरं उदाहरण देते. कॅनन कंपनीने २००८ साली एलपी-ई६ नावाची बॅटरी आणली, तिची क्षमता १,८०० होती. त्याच आकाराच्या खोक्यात बसणारी सुधारलेली एलपी-ई६एनएच २०२० साली आली, तिची क्षमता २,१३०. एवढ्या मोठ्या कंपनीला त्याच जागेत क्षमता साधारण १८ टक्क्यांनी वाढवायला बारा वर्षं लागली. मग त्याच आकारात सातशे रुपयांत तीन हजार क्षमता कशी बसेल? वेष्टनावर आकडा छापायला खर्च येत नाही.

हे तुम्हाला ओळखीचं वाटलं पाहिजे. बँकेच्या दुप्पट-तिप्पट व्याज देतो म्हणणाऱ्या अनोळखी माणसाचा आकडा असाच असतो. तिथे आपण विचारतो, नोंदणी कुठे आहे? रिझर्व्ह बँकेच्या 'सचेत' संकेतस्थळावर ठेवी घेणाऱ्या संस्थेची माहिती शोधता येते, तक्रारही करता येते. बॅटरीच्या बाबतीतही हाच प्रश्न विचारा.

बॅटरीची नोंदणी कशी बघायची

आपल्या देशात कॅमेरा, मोबाइल अशा सोबत नेण्याच्या उपकरणांत वापरल्या जाणाऱ्या रिचार्जेबल बॅटऱ्यांना भारतीय मानक ब्यूरोची नोंदणी सक्तीची आहे. त्यासाठीचं मानक आयएस १६०४६. नोंदणी असलेल्या बॅटरीवर ब्यूरोचं चिन्ह आणि 'आर' या इंग्रजी अक्षरापुढे आठ आकड्यांचा क्रमांक असतो. मोबाइलवर 'बीआयएस केअर' हे ॲप घ्या आणि तो क्रमांक त्यात टाका. कोणत्या उत्पादकाला, कोणत्या वस्तूसाठी नोंदणी दिली आहे ते समोर येतं. क्रमांक बॅटरीचा म्हणून छापलाय आणि ॲपमध्ये भलतीच वस्तू दिसतेय, तर बॅटरी तिथेच काउंटरवर ठेवा.

वेष्टनही वाचा. त्यावर उत्पादक किंवा आयातदाराचं नाव-पत्ता, माल बाहेरचा असेल तर कोणत्या देशातला, महिना-वर्ष, कमाल किरकोळ किंमत आणि तक्रारीसाठी संपर्क असायलाच हवा. वेष्टनावर पत्ता नसेल तर उद्या तक्रार घेऊन कोणाच्या दारात जाणार?

बनावट ओळखायला तुमच्याकडे एक चांगलं साधन आधीच आहे. कॅमेऱ्यासोबत आलेली बॅटरी दुकानात घेऊन जा आणि दोन्ही शेजारी ठेवा. अक्षरांची जाडी, शब्दांचं स्पेलिंग, धातूच्या पट्ट्यांची जागा, होलोग्राम, वजन हे सगळं ताडून बघा. मूळ बॅटरी नेहमीच्या भावाच्या निम्म्यात मिळत असेल, तर दुकानदार दानशूर आहे असं समजू नका. दिल्लीत चांदणी चौकातलं कुचा चौधरीचं फोटो मार्केट, मुंबईत फोर्टचा बोरा बाजार, कोलकात्याची मेट्रो गल्ली, या जुन्या बाजारांत पिढ्यान्‌पिढ्या विश्वासाने व्यवहार करणारी दुकानं आहेत. पण बाजार जुना आहे म्हणून प्रत्येक डबी खरी असेल असं नाही. ऑनलाइन खरेदीतही मोठ्या संकेतस्थळाचं नाव बघून थांबू नका. त्यावर माल विकणारा विक्रेता वेगळा असतो. त्याचं नाव बघा, आणि तो कंपनीच्या अधिकृत विक्रेत्यांच्या यादीत आहे का ते कंपनीच्या संकेतस्थळावर तपासा.

आत काय असतं?

थोडं आतलं समजून घेतलं की किंमत का वाढते ते कळतं. कॅमेऱ्याच्या बऱ्याच बॅटऱ्यांत लिथियम-आयनचे दोन सेल एकामागे एक जोडलेले असतात. त्यांच्यासोबत एक छोटं सर्किट असतं. सेल मर्यादेबाहेर चार्ज होऊ नये, पार रिकामा होऊ नये, शॉर्ट झाल्यास प्रवाह तुटावा, ही त्याची कामं. अनेक बॅटऱ्यांत आणखी एक चिप असते. ती कॅमेऱ्याला 'इतके टक्के शिल्लक' असं सांगते. काकांच्या कॅमेऱ्यावर अर्धी दिसणारी बॅटरी एकदम शून्य झाली, ती अशीच. शिल्लक सांगणारा चुकीचं सांगत होता. पासबुकात एक रक्कम आणि खात्यात दुसरी, असं झालं तर आपलं काय होईल? त्यात थंडीत कोणतीही लिथियम-आयन बॅटरी कमीच काम देते. म्हणून हिवाळ्यातल्या रात्रीच्या कामाला राखीव बॅटरी खिशात, अंगाच्या उबेला ठेवावी.

स्वस्त माल बनवणारा काटकसर करतो ती या सर्किटात आणि सेलच्या दर्जात, म्हणजे बाहेरून न दिसणाऱ्या जागी. काही वेळा कॅमेऱ्याचं सॉफ्टवेअर अद्ययावत केल्यावर तो पर्यायी बॅटरी ओळखतच नाही. आणि बहुतेक कॅमेरा कंपन्यांच्या पुस्तिकेत लिहिलेलं असतं की दुसऱ्याच्या बॅटरीमुळे झालेलं नुकसान वॉरंटीत बसणार नाही. कॅमेरा वॉरंटीत असेपर्यंत मूळ बॅटरीच बरी, त्याचं हे एक कारण.

मूळ बॅटरीत दोष निघतच नाही असंही नाही. २०१२ साली निकॉनने आपल्याच ईएन-ईएल१५ बॅटरीच्या काही तुकड्या तापण्याच्या शक्यतेमुळे परत मागवल्या आणि बदलून दिल्या. ग्राहकाने बॅटरीवरचा तुकडीचा क्रमांक बघायचा, एवढंच. नाव, क्रमांक आणि जबाबदार कंपनी असली की दोष सापडल्यावर कोणीतरी तो भरून देतो. पैसे आपण त्या जबाबदारीचेही देत असतो.

बिल, तपासणी आणि तक्रार

पक्कं बिल घ्या, त्यावर बॅटरीचं मॉडेल लिहून घ्या. पैसे शक्यतो यूपीआयने किंवा कार्डाने द्या, म्हणजे व्यवहाराची नोंद राहते. व्यावसायिकांना बिल दुहेरी उपयोगाचं आहे: खर्च हिशेबात दाखवता येतो, आणि जीएसटी नोंदणी असेल तर नियमांनुसार भरलेल्या कराचं क्रेडिट मिळतं. 'बिलाशिवाय शंभर रुपये कमी' या सवलतीत तुम्ही वॉरंटी विकत असता.

बॅटरी आणली की परत करण्याची मुदत संपायच्या आत तपासा. पूर्ण चार्ज करा, कॅमेऱ्यावर व्हिडिओ लावून ठेवा आणि तो बंद पडेपर्यंत किती मिनिटं झाली ते लिहा. दुसऱ्या दिवशी मूळ बॅटरीवर तेच करा. फार तफावत असेल किंवा बॅटरी हाताला चटका बसेल इतकी तापत असेल, तर लगेच परत करा. ही तपासणी लग्नाच्या मंडपात करायची नसते.

दुकानदाराने दाद दिली नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५. त्यानेही प्रश्न सुटला नाही तर जिल्हा ग्राहक आयोग आहे, पाच लाख रुपयांपर्यंतच्या खरेदीच्या तक्रारीला तिथे शुल्क नाही. छायाचित्रकारांच्या मनात एक शंका असते: 'आम्ही धंद्यासाठी घेतली, मग आम्ही ग्राहक कसे?' ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ मध्ये व्यापारी हेतूची खरेदी वगळली आहे हे खरं. पण केवळ स्वयंरोजगारातून पोट भरण्यासाठी घेतलेली आणि स्वतः वापरलेली वस्तू त्या व्यापारी हेतूत धरली जात नाही. एकट्याने कॅमेरा घेऊन फिरणारा माणूस ग्राहकच आहे.

पैसे कुठून आणायचे?

"मॅडम, हे सगळं कळतं. पण सीझनच्या तोंडावर दोन मूळ बॅटऱ्यांचे अकरा हजार एकदम निघत नाहीत," काका म्हणाले होते. खरी अडचण हीच असते. माणूस स्वस्त माल अडाणीपणामुळे घेतो असं नाही, त्या दिवशी हातात तेवढेच पैसे असतात.

याला उपाय बचतीचाच. दोन मूळ बॅटऱ्या १०,८०० रुपयांच्या. त्या पाच वर्षं चालणार म्हणजे साठ महिने. महिन्याला १८० रुपये झिजतात. मग महिना दोनशे रुपयांचं आवर्ती ठेव खातं काढा. बँकेत काढा किंवा पोस्टात. पोस्टाचं आवर्ती खातं पाच वर्षांचं असतं आणि महिना शंभर रुपयांपासून सुरू होतं. साठ महिन्यांत १२,००० रुपये आणि वर व्याज. पुढच्या बॅटऱ्या जुन्या बॅटऱ्यांच्या कमाईतून येतील. कॅमेरा, फ्लॅश, मेमरी कार्ड, ज्या ज्या वस्तूवर पोट चालतं तिच्यासाठी असा वेगळा कप्पा हवा.

काकांनी तसं खातं काढलं. त्या महिन्याचा हप्ता पंधरा नाही, अकरा दिवस उशिरा भरला. त्यांनी एक मूळ बॅटरी घेतली, दुसरी पुढच्या सीझनला घेणार आहेत. तोवर एक तपासलेली पर्यायी राखीव आहे. त्या तीन बॅटऱ्यांपैकी एकही पुन्हा वापरली नाही.

जाता जाता, वापराबद्दल

बॅटरीवर खरेदीची तारीख चिकटपट्टीने लावा. जास्त दिवस वापरायची नसेल तर साधारण अर्धी चार्ज करून थंड, कोरड्या जागी ठेवा. सुटी बॅटरी नाणी किंवा किल्ल्यांसोबत खिशात टाकू नका, झाकण लावून ठेवा. विमानाने जाताना जादा बॅटऱ्या हातातल्या सामानातच ठेवायच्या असतात, चेक-इन बॅगेत नाही. फुगलेली बॅटरी दाबून बसवू नका, टोचू नका, पुन्हा चार्ज करू नका. निकामी बॅटरी घरच्या कचऱ्यात टाकायची नसते. २०२२ च्या बॅटरी कचरा नियमांनुसार ती वेगळी करून संकलन केंद्रात द्यायची.

लक्षात ठेवा

• किंमत बघू नका, एका चार्जचा खर्च काढा.
• मुख्य कामाला मूळ, राखीव म्हणून तपासलेली पर्यायी. बिननावाची आणि बनावट कधीच नाही.
• भारतीय मानक ब्यूरोचा क्रमांक 'बीआयएस केअर'वर तपासा.
• पक्कं बिल घ्या, ते जपून ठेवा.
• परतीच्या मुदतीत घरी चाचणी घ्या.
• पुढच्या बॅटरीचे पैसे आजपासून दर महिन्याला बाजूला काढा.

तुमच्यापैकी कोणाला आपल्या कॅमेऱ्याचा, शिलाई यंत्राचा किंवा रिक्षाच्या बॅटरीचा असा हिशेब मांडायचा असेल, तर शाखेत या. स्लिपची मागची बाजू कोरीच असते.